दोन ओळींचा खुलासा

मंगळवारी सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी मुलुंडच्या एका नर्सिंग होममध्ये तू गेलीस. काविळीचा अकरावा दिवस होता. खोलीत श्रीकांत होता आणि एक नर्स होती. मी बाहेरच्या बाकावर होतो. त्यानंतरच्या रविवारी तुझी शोकसभा झाली. तिथे तुझा म्हणून जो आवाज ऐकवला गेला, तो तुझा नव्हता.

इलोना, बातमी इथे संपते. पहिल्या परिच्छेदात सगळं सांगून टाकायचं आणि पुढचं असं लिहायचं की जागा कमी पडली तर खालून कापता यावं, हे आमच्या धंद्याचं पहिलं शिक्षण. तुला ते कधी पटलं नाही. "तुम्ही शेवटच आधी कापता," तू म्हणायचीस. "आमच्या नाटक कंपनीत असं कोणी केलं असतं तर त्याला हाकलून दिलं असतं." हा लेख खालून कापू नये, अशी सूचना मी छापखान्याच्या फोरमनला लेखी दिली आहे.

आपल्या सोसायटीला लिफ्ट नव्हती, अजूनही नाही. तू तिसऱ्या मजल्यावर, मी दुसऱ्या. श्रीकांत कारखान्यातर्फे प्रशिक्षणाला बुडापेस्टला गेला आणि तुला लग्न करून घेऊन आला, तेव्हा तू तिथल्या रंगभूमीवर सहा वर्षं काम केलेली नटी होतीस. तीन चित्रपट झाले होते, त्यातल्या एकात मोठी भूमिका. सोसायटीला हे कळायला चार वर्षं लागली. तोवर तू 'श्रीकांतची मडम' होतीस. भाजीच्या दोन पिशव्या घेऊन वर चढताना तू पायऱ्या मोजायचीस, तुझ्या हंगेरियनमध्ये, धापा टाकत. एज्य, केत्तो, हारोम. माझ्या दारावरून ते आकडे रोज वर जायचे. एकदा मी विचारलं तेव्हा म्हणालीस, "बोलते मराठीत, भांडते मराठीत. पण मोजायला लागले की आईच तोंडात येते रे."

मराठी तू आमच्या पेपरवरून शिकलीस. अग्रलेखांवरून नाही, छोट्या जाहिरातींवरून. सकाळी गॅलरीत उभी राहून मोठ्याने वाचायचीस: हरवले आहेत, वधू पाहिजे, नावात बदल. प्रत्येक शब्दाच्या पहिल्या अक्षरावर हातोडी मारल्यासारखा जोर, कारण तुझ्या भाषेत तो तिथेच असतो. तुमच्याकडे 'तो' आणि 'ती' यांना एकच शब्द, त्यामुळे "दूधवाला आली का?" असं तू विचारायचीस. खालच्या कर्णिककाकू उत्तर द्यायच्या, "आली हो आली, साडी नेसून आली." तूही हसायचीस आणि दुसऱ्या दिवशी बरोबर विचारायचीस.

मग तू आमच्या चुका काढायला लागलीस. पेन्सिलीने खूण केलेलं कात्रण माझ्या दाराखालून आत यायचं. "संपादकसाहेब, पान तीन. माणूस परवा वारला, तुम्ही काल मारला." मी साधा उपसंपादक होतो आणि तुला ते ठाऊक होतं. ऑफिसात मला काटेकोर म्हणतात. त्यातलं निम्मं तुझ्या पेन्सिलीचं आहे. हे तुला मी सांगितलं नाही.

इथल्या रंगभूमीने तुला काय दिलं, याची यादी माझ्याकडे आहे. कलेक्टरची बायको, तीन वेळा. नन, दोनदा. घाटकोपरच्या एका शाळेच्या हॉलमध्ये एक वेडी, जिने दोन अंक एका खुर्चीत बसून काढायचे होते. आणि एका एकांकिकेत पुतळा. प्रायोगिक म्हणवणाऱ्या मंडळींना तुझं तोंड हवं होतं, तोंडातून येणारं काही नको होतं. तू तालमीला सर्वांच्या आधी जायचीस, सतरंज्या अंथरायचीस आणि पुतळ्याच्या कामासाठीही इतरांचे संवाद पाठ करायचीस. "कशासाठी?" मी विचारलं. "पुतळा ऐकतो ना," तू म्हणालीस. एका प्रयोगात नायिका वाक्य विसरली, तेव्हा पुतळ्याने ओठ न हलवता ते पुरवलं. हॉलमध्ये जेमतेम चाळीस माणसं होती. कोणाला कळलं नाही. मी पहिल्या रांगेत होतो, मला कळलं. तेव्हा मला एवढं ऐकू येत होतं.

गिरण्यांचा संप झाला त्या वर्षी अनंत तुझ्या घरी आला. तो त्याचा पहिलाच चित्रपट दिग्दर्शित करत होता. त्याला चाळीत खानावळ चालवणारी विधवा हवी होती: कोकणातून आलेली, गोरी, घारी, चाळिशीची. तू केस काळे केलेस. कर्णिककाकूंनी तुला नऊवारी नेसायला शिकवलं आणि लांबून बघत म्हणाल्या, "आमच्या गुहागरच्या आत्यापेक्षा हीच जास्त गुहागरची दिसते गं बाई."

"दिसायला झकास," अनंत म्हणाला. "तोंड उघडलंस की वाट लागेल, पण ते बघू आपण."

तू ते ऐकलंस आणि सात महिने संवाद घासलेस. गॅलरीत, जिन्यात, रॉकेलच्या रांगेत. माझ्यासमोर बसून एकेक वाक्य पन्नास वेळा. पहिल्या अक्षरावरचा जोर पुरता गेला नाही, पण मऊ झाला. शेवटी जी मराठी तयार झाली ती कुठल्याच गावची नव्हती, आणि त्या बाईला ती शोभत होती. वीस वर्षं चाळीत राहून ती उपरीच राहिली होती.

शूटिंगच्या वेळी कॅमेऱ्याच्या घरघरीत नोंदलेला आवाज चित्रपटात वापरत नाहीत. नट नंतर स्टुडिओत पडद्याकडे बघत आपले संवाद पुन्हा बोलतात. तू तीन दिवस अंधेरीच्या स्टुडिओत जाऊन ते केलंस. तिसऱ्या दिवशी घरी येऊन श्रीकांतला म्हणालीस, "आज मी मराठी झालो." मग लगेच, "झाले, झाले. झाले."

पंधरा दिवसांनी अनंतने त्याच स्टुडिओत दुसऱ्या बाईंना बोलावलं. त्यांचं नाव सुधा. बोरिवलीला राहतात, नभोनाट्यांतून काम करतात. त्यांनी तुझे सगळे संवाद कोकणी वळणाने दोन दिवसांत नव्याने म्हटले. तुला कोणी सांगितलं नाही. आपला आवाज काढून टाकला आहे हे तुला पहिल्या खेळाला कळलं, पडद्यावर तुझे ओठ हलले तेव्हा.

त्या खेळाला मी हजर होतो. म्हणजे शेवटच्या दोन रिळांना हजर होतो. संपकऱ्यांच्या सभेची बातमी माझ्याकडे होती, ती लिहून देऊन पोचेपर्यंत चित्रपट संपत आला होता. त्या दोन रिळांत बाईला एकही संवाद नाही. खानावळ बंद पडली आहे, ती पाण्याची कळशी घेऊन जिना चढते, मध्ये बसते, पुन्हा चढते. मी मागे उभा राहून ते पाहिलं. दिवे लागले तरी तू जागची हलली नव्हतीस. मला वाटलं, भारावली आहे. मी लांबून हात केला आणि ऑफिसात परत गेलो.

समीक्षा मी त्याच संध्याकाळी लिहिली. कथानक अनंतने वाटलेल्या माहितीपत्रकातून घेतलं. त्यात तुझ्या मराठीबद्दल एक वाक्य होतं. ते थोडं घोटून मी माझ्या नावाने छापलं: डोळे मिटून ऐकलं तर ही बाई परदेशी आहे यावर कोणाचा विश्वास बसणार नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला माझी कडी वाजली. तू दारात होतीस. हातात पेपर, त्यावर पेन्सिलीची खूण.

"हे कोणी लिहिलं?"

"खाली नाव आहे की."

"नाव वाचलं. लिहिलं कोणी?"

"का गं, आवडलं नाही?"

"तू सिनेमा पाहिलास?"

"पाहिला ना."

"माझा आवाज कसा होता?"

"झकास होता," मी म्हणालो.

तू पेपरची घडी केलीस. मग तिथेच जिन्यात उभी राहून काय झालं ते सांगितलंस, एकदाही आवाज न चढवता. शेवटी म्हणालीस, "दोन ओळी छाप. आवाज माझा नव्हता. बस. कोणाला शिवी नको."

मी म्हणालो, बघतो.

तीन दिवसांनी मी कारणं घेऊन वर आलो. चित्रपट छोटा आहे, उधारउसनवारीवर उभा राहिलाय, त्याला धक्का बसेल. अनंत संपेल. त्या सुधाबाईंनाही त्रास. श्रीकांत पलंगावर बसून ऐकत होता. "यार, खरं कारण सांग ना," तो म्हणाला. खरं कारण मी सांगितलं नाही. खुलासा छापला असता तर पहिला प्रश्न मलाच आला असता: इतक्या वर्षांची शेजारीण, आणि तुला आवाज ओळखू आला नाही?

"तुमच्याकडे हरवलेल्या म्हशीला दोन ओळी मिळतात," तू म्हणालीस. "मी रोज वाचते. भांडुपची म्हैस, कपाळावर पांढरा ठिपका. मला नाहीत?"

"ती जाहिरात असते गं."

"मग मी पण जाहिरात देते."

तू खरंच दिलीस. 'नावात बदल'च्या खाली छापा, असं खिडकीवर सांगून आलीस. जाहिरात विभागाने मजकूर माझ्याकडे पाठवला, यात काही वादग्रस्त आहे का ते बघा म्हणून. मी शेरा मारला: वादग्रस्त. घेऊ नये. खाली सही केली.

हे तुला कधी कळलं नाही. विभागानेच नाकारली असं तू धरून चाललीस. चार वर्षं तू त्या विभागाच्या नावाने माझ्याच घरात बसून बोटं मोडलीस आणि मी तुला कॉफी करून दिली.

माझं ते वाक्य पोस्टरवर गेलं. लोक तुला शोधत आले. गोरेगावचा एक निर्माता तुझ्या घरी चहा प्यायला, तुझं बोलणं ऐकलं आणि निघताना श्रीकांतला बाजूला घेऊन म्हणाला, "बाईंचा घसा बसलाय का? बरा झाला की कळवा." दुसऱ्याने तोंडावर सांगितलं, "नाव झाल्यावर मेहनत सोडलीत तुम्ही." पुतळ्याची एकांकिका पुन्हा उभी राहिली, तेव्हा तिच्या लेखकाने दुसरी मुलगी घेतली. इतकं सुरेख बोलणाऱ्या बाईला गप्प बसवणं बरं दिसत नाही, असं त्याचं म्हणणं. आधी तुला बिनसंवादाची कामं मिळत होती. माझ्या एका वाक्याने तीही बंद झाली. त्यानंतर तू रंगमंचावर आली नाहीस.

कात्रणं मात्र येत राहिली. चूक दुसऱ्या कोणाची असली तर खूण ठळक असायची. माझी असली तर बारीक. तुला वाटायचं मला ते कळत नाही.

तू गेलीस त्याच्या आदल्या दिवशी, सोमवारी संध्याकाळी, मी नर्सिंग होममधल्या तुझ्या खोलीत आलो. तुझे डोळे हळदीसारखे पिवळे झाले होते. "पेपर वाच," म्हणालीस. मी छोट्या जाहिराती वाचल्या.

"म्हैस?"

"आज नाहीये."

"सापडली मग." थोड्या वेळाने म्हणालीस, "माझ्या दोन ओळी?"

"तू बरी हो. मग बघू."

तू डोळे मिटलेस. आपलं शेवटचं बोलणं हे. चार वर्षं मी हेच उत्तर देत आलो होतो. त्या दिवशी त्यात 'बरी हो' तेवढं घातलं.

शोकसभेबद्दल मी फक्त क्रम देतो, विशेषणं नाही. फोटो तुझा नव्हता, त्या विधवेचा होता: काळे केस, नऊवारी. हार फोटोपेक्षा मोठा. पहिला वक्ता पुतळ्याच्या एकांकिकेचा लेखक. तो म्हणाला, "इलोनाबाईंना डोळ्यांसमोर ठेवूनच मी लिहीत आलो." दुसरा वक्ता म्हणाला, मागच्या जन्मी त्या कोकणातल्याच असणार. यावर टाळ्या पडल्या. तिसऱ्या रांगेत वेफर्सची पिशवी फिरत होती. माझ्या शेजारचा गृहस्थ त्याच्या शेजाऱ्याला विचारत होता की बाई नेमक्या रशियाच्या की जर्मनीच्या.

मग अनंत उठला. रुमाल आधीपासून हातात होता. "मी काही बोलणार नाही," तो म्हणाला. "इलोनाच बोलेल." त्याने टेपरेकॉर्डरचं बटण दाबलं आणि हॉलभर सुधाबाई बोलायला लागल्या.

लोक रडले. खरे अश्रू, मी पाहिले. कर्णिककाकूही डोळ्याला पदर लावून बसल्या होत्या. तो चित्रपट त्यांनी पाहिला नव्हता, मुलुंडला तो कधी लागलाच नाही. दोन वाक्यं ऐकून त्यांनी पदर खाली घेतला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "अहो, ही कुठे आपली इलोना?"

कोणीतरी "श्श" केलं.

"अहो, श्श काय? मी रोज ऐकलीय तिला. ही दुसरीच कोणीतरी बाई आहे."

"काकू, माइकमुळे तसं वाटतं," मागून एकजण म्हणाला. टेप चालू राहिली. श्रीकांतने वळून माझ्याकडे पाहिलं. अनंतनेही पाहिलं, आणि आपल्यातल्या माणसाकडे बघून करतात तसा डोळा बारीक केला. मला त्या नजरेची किळस आली. नजर योग्य माणसाकडे आली होती. उठून उभं राहायला मला एक मिनिट पुरलं असतं. टेप सहा मिनिटं चालली.

बाहेर चपलांच्या ढिगाशी एक बाई वाकून चप्पल शोधत होत्या. "तुम्हीच ना ते पेपरवाले?" त्यांनी विचारलं. पहिल्याच शब्दाला मला कळलं त्या कोण.

"मला सांगितलं होतं, बाई कायमच्या मायदेशी निघून गेल्या, काम अर्धं राहिलंय," सुधाबाई म्हणाल्या. "म्हटलं, बिचारीचं पुरं करून देऊ. आज पेपरात वाचलं, मुलुंडला राहत होत्या. अहो, मुलुंडला! मी येऊन भेटले असते." चप्पल सापडली तरी त्या हलल्या नाहीत. "तुमचं ते डोळे मिटून ऐका वगैरे मी जपून ठेवलंय. मला वाटलं, तुम्हाला सगळं ठाऊक आहे आणि नाव न घेता मला शाबासकी देताय."

मी त्यांना सांगितलं की मला काहीच ठाऊक नव्हतं, कारण मी चित्रपट पाहिलाच नव्हता. हे वाक्य मी पहिल्यांदा उच्चारलं ते चपलांच्या ढिगाशी, तू जाऊन पाच दिवस झाल्यावर, आणि तुझ्यासमोर नाही.

शोकसभेच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी, मी दोन ओळी लिहून संपादकांपुढे ठेवल्या. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "चार वर्षांपूर्वीच्या सिनेमाचा खुलासा? लोक हसतील रे. त्यापेक्षा छानसा स्मृतिलेख लिही. रविवारच्या पुरवणीत अर्धं पान देतो." दोन ओळींना जागा नव्हती, अर्ध्या पानाला होती. म्हणून अर्ध्या पानात त्या दोन ओळी घालतो आहे:

चार वर्षांपूर्वी या पेपरातील समीक्षेत इलोना यांच्या ज्या मराठी संवादांची स्तुती छापली गेली, ते संवाद सुधा यांच्या आवाजात आहेत. समीक्षा लिहिणाऱ्याने चित्रपटाची फक्त शेवटची दोन रिळं पाहिली होती, आणि इलोना यांनी दिलेली खुलाशाची जाहिरातही त्यानेच नाकारली होती.

तुझी पेन्सिल असती तर दुसरी ओळ लांबली म्हणून खूण आली असती. बारीक.

एक माहिती राहिली होती: तुझ्या त्या तीन दिवसांच्या टेपचं काय झालं. काल, गुरुवारी दुपारी मी अंधेरीच्या स्टुडिओत गेलो. रेकॉर्डिस्ट तेच आहेत. त्यांनी वही काढून पाहिली. टेप पुसून दुसऱ्या चित्रपटाच्या मारामारीला वापरली होती.

"सगळी?" मी विचारलं.

"संवादांची सगळी. शेवटच्या दोन रिळांचं सोडून. तिथे डायलॉगच नव्हते, मग सुधाताईंना कशाला उभं करायचं? तिथे बाईंचंच आहे, धाप लागते, खोकतात ते. चढताना काहीतरी पुटपुटतात, ते काढ म्हणाला होता अनंत. मी नाही काढलं. धापेत मिसळून जातं."

अंतिम ध्वनिपट्टीची एक प्रत त्यांच्याकडे होती. त्यांनी ती लावली. मी एकदा ऐकली, मग श्रीकांतला कारखान्यात फोन करून बोलावून घेतलं. तो पाच वाजता पोचला. रेकॉर्डिस्टनी पुन्हा लावली. आधी कळशी कठड्यावर आपटल्याचा आवाज येतो, मग पावलं, मग आकडे. श्रीकांत प्रत्येक आकडा मराठीत सांगत गेला आणि मी लिहून घेतला. एकापासून अठरापर्यंत आकडे हंगेरियनमध्ये आहेत आणि स्पष्ट ऐकू येतात. आवाज तुझा असल्याला श्रीकांतने दुजोरा दिला.